लेटोआई कोपली म्हणून

नाही नाही, उठू नका राहीमावशी, चुलीकडं मी बघतो — म्हणजे मला काय कळतंय चुलीतलं, पण तुम्ही बसा, माझं एवढं ऐकून घ्या. मोटार अजून फाट्यावरच आहे, आत्ताच बघून आलो. लढाईत पेट्रोल कुठलं, कोळशावर चालते ती, तिची शेगडी धरेपर्यंत वेळ आहे आपल्याला. आणि तुमचा ज्ञानू तो बघा अंगणात, ट्रंकेवर बसलाय — खाकी घालून, पट्टा आवळून, सगळा तयार, आणि म्हणतो, "आई ये म्हणाल्याबिगर मी आंगणाभायेर पडणार न्हाई." घरातनं निघताना येतो म्हणायचं आणि घरच्यांनी ये म्हणायचं, एवढाच तर शब्द मागतोय तो. रजा संपली त्याची. आज सातारा रोडला आगगाडी चुकली तर पलटणीत भगोडा ठरवतील हो त्याला, कैदेत घालतील — आणि तुम्ही पाडव्यापासून तोंड शिवून बसलाय. कुणामुळं? माझ्यामुळं. गावाला नाही माहीत अजून. आमच्या आत्याला वाटतंय तुमचा घसाच बसलाय, काढा पाठवणार होती.

अहो, गोष्ट होती ती मावशी. नुसती गोष्ट. ग्रीस देशातली. सांगलीला, विश्रामबागेत आमच्या कॉलेजात असलं काय काय शिकवतात — एक राणी होती निओबी, तिला चौदा पोरं, सात मुलगे सात मुली, आणि ती म्हणाली, लेटो देवीला दोनच लेकरं, मला चौदा, तिला कशाला पुजता, मला पुजा. मग देवीच्या त्या दोन लेकरांनी धनुष्यबाण उचलले, राणीची एकूण एक पोरं मारली, आणि राणी रडून रडून शिळा झाली. संपलं. असं कधी घडलेलं नाही कुठं. परीक्षेला येतं, आणि निम्मी पोरं तो प्रश्न सोडून देतात.

पण मी सांगितलं कसं, तेच तर — पाडव्याला, मरीआईच्या कट्ट्यावर, सगळं गाव बसलेलं, आणि मी लेटो म्हणालोच नाही, लेटोआई म्हणालो. लोकांना आपली वाटावी म्हणून. कोपली म्हणालो, कौल दिला म्हणालो, शिळा अजून पाझरते म्हणालो, बायका पदर तोंडाला लावून बसल्या आणि मला काय चेव आला म्हणून सांगू. मग तुम्ही विचारलंत, ह्या देवीचं ठाणं कुठं आलं म्हणून. आणि मी — "तुमचा आकाराम इटलीत आहे ना, तिथनं समुद्र ओलांडला की तिचाच मुलूख." भूगोल बरोबर आहे, मावशी. भूगोल अगदी बरोबर आहे. पण ते माणसानं बोलायचं असतं का? तुमचा चेहरा उतरला तो बघितला मी. बघितला, आणि मला वाटलं — गोष्ट रंगली.

तीच का सांगितली? आठवली म्हणून. दुसरं काय — आठवली, सांगितली... असं बघू नका हो. बरं, नाही. आठवली नाही, शोधली. तुम्ही त्याच्या आधी काय म्हणाला होता? "आमच्या मरीआईला तरी हायती का असं चार वाघ? सरकार मागंल तितं देती म्या." सगळ्यांनी माना डोलावल्या. तिथवर ठीक होतं, चार चार मुलगे लढाईवर, कुणीही बोलेल. पण मग माझ्याकडं वळून — "आन तुमी मधुराव, लढाई सरूस्तवर पुस्तकंच वाचणार व्हय? वाचा, वाचा. गावात बायकांच्या सोबतीला कोणतरी पायजेच की." हसले सगळे. ज्ञानू पण हसला. माझे कान तापले. दुसरं कुणी असतं तर हसून सोडलं असतं, मी मात्र तिथं बसल्या बसल्या डोक्यात पानं उलटत होतो, हिला झोंबेल असं काय आहे आपल्याकडं, काय आहे — आणि सापडलं.

आणि आता बोलतोच आहे तर — काही पुस्तकांत आहे, मावशी, की एक-दोन पोरं वाचली. लहानग्यानं हात जोडले असंही आहे. मला माहीत होतं. गोष्टीचा जोर जाईल म्हणून मी सगळी मारली. एकूण एक, म्हणालो, आणि तुमच्याकडं बघून म्हणालो.

आता घमेंड कुणाची झाली, सांगा बरं? तुमची कसली घमेंड, आई आहात, पोरांचं कौतुक केलंत. देवी असलीच तर बाण माझ्यावर यायला हवा. चारी पोरं दारात येईपर्यंत शब्द काढणार नाही असं गुरवाला सांगून गप्प झालात, तो माझ्याजवळ एकट्याजवळच बोलला, पण मरीआई काय रागावणार आहे हो तुमच्यावर, रोज पाणी घालता तिला... थांबा. हे काय आहे? कोनाड्यात — हा गोटा नवा दिसतोय. शेंदूर ओला आहे अजून. मरीआई तर देवळात आहे, मग ही — मावशी, ही कोण?

अरे देवा. दहीभात ठेवलाय तिच्यापुढं.

अहो, नाहीच ती! कुठंच नाही! तिकडचे लोकसुद्धा मानत नाहीत आता तिला. मी — मी मार्कांसाठी पाठ केलेली ती, मावशी. तुम्ही हळदकुंकू वाहिलंत तिला?

वाजला भोंगा. मोटार आता निघेल बघा. मावशी, एक शब्द, तेवढाच, मग वर्षभर बोलू नका, मी... हां, उठा. उठा, लावा त्याला कुंकू. हातावर दही दिलंत, हे बरं केलंत. वाकलाय तो तुमच्यापुढं. येतो म्हणतोय, ऐका ना, दुसऱ्यांदा म्हणतोय — काय? माझ्याकडं काय बघताय? मी? नको, नको हो, मनगट सोडा, माझ्या तोंडून नको, माझ्या तोंडून काय काय निघालंय ते आत्ताच — बरं. बरं. ज्ञानू, इकडं बघ. तुझी आई म्हणते — ये. ये रे बाबा. मान हलवली बघ तिनं, बघ. उचल ट्रंक. पळ.

चढला. टपावर ट्रंक टाकली. हसला का हो वळून? मला धुरात दिसलं नाही.

मी पण निघतो आता, सांगलीला. आत्याला सगळं सांगून जाईन, काढा नको म्हणून. येतो, मावशी.

येतो म्हटलं.

बरं. जातो.