सायाह्न म्हणजे किती वाजता

महाड, दि. ९ डिसेंबर १९८२. वेळ सकाळी १० वाजून २० मिनिटे.

मी त्र्यंबक यज्ञेश्वर मोघे, वय ५१ वर्षे, धंदा शिक्षकाचा (संस्कृत, इयत्ता आठवी ते दहावी) व जोडीने साप्ताहिक 'गांधारीकाठ'चा महाड वार्ताहर, राहणार महाड, बाजारपेठेमागे. मला बोलावणे आले नव्हते. मी आपण होऊन ठाण्यात हजर झालो असून समक्ष जबाब देतो तो असा की,

मी वरील पत्त्यावर चोवीस वर्षे राहतो. जबाब लिहून घेणारे हवालदार हैबती शेडगे हे माझे विद्यार्थी. आठवीत त्यांनी संस्कृत सोडून शेती हा विषय घेतला, त्याबद्दल माझी तक्रार नाही.

आमच्या शाळेत मुलींचा बास्केटबॉलचा संघ सन १९७९ पासून आहे. त्यास शिकविण्याचे काम सोमा जानू साळवी, वय २८, राहणार बिरवाडी, हा करतो. तो औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यात कामगार आहे. हा खेळ तो मुंबईस चुलत्याकडे असताना शिकला. सामन्यात पंच म्हणून शिट्टीही तोच वाजवितो. पोलादपूरकरांनाही तो चालतो, कारण नियम माहीत असलेला दुसरा माणूस दोन्ही तालुक्यांत नाही. शाळा त्यास याबद्दल सामन्याअखेर एक नारळ देते. टेबलाशी बसून गुण व वेळ लिहिण्याचे काम माझ्याकडे आहे. मला त्या खेळातले काही कळत नसल्याने मी पक्षपात करू शकत नाही, असे मुख्याध्यापकांचे म्हणणे.

शनिवार दि. ४ रोजी पावणेपाचच्या सुमारास कारखान्याच्या फाटकाशी सुरक्षा अधिकाऱ्यांच्या जीपची काच दगडाने फुटली व तो दगड सोमाने मारला, अशी फिर्याद आहे. त्या वेळी आपण शाळेच्या सामन्यात होतो, असे सोमाने सांगितल्यावरून त्यास रविवारी सोडून देण्यात आले. काल बुधवारी आमचे साप्ताहिक निघाले. त्यात 'शनिवारी सायंकाळी झालेल्या सामन्यात' अशी बातमी आहे. ते कात्रण कारखान्याने ठाण्यात आणून दिले. सामना सायंकाळचा, तर सोमा खोटे बोलतो, असे ठरून त्यास काल दुपारी अटक झाली. आज त्यास कोर्टापुढे नेणार आहेत, व त्याला कामावरून काढण्याचा कागद कारखान्यात तयार आहे असे समजते. ती बातमी माझी आहे. म्हणून मी आलो.

शाळांचे बास्केटबॉलचे सामने केव्हा असतात असे हवालदारांनी विचारल्यावरून सांगतो की, दिवाळीची सुट्टी संपल्यापासून संक्रांतीपर्यंत, शनिवारी, दुपारी चार वाजता. तीन वर्षांत याला अपवाद आढळला नाही. व्याकरणाच्या नियमांना आढळतात.

कारणे एकमेकांत अडकलेली असल्याने त्यांना क्रमांक देत नाही. पावसाळ्यात त्या मैदानावर बेडूक खेळतात. संक्रांतीनंतर मुलींना वार्षिक परीक्षेने धरलेले असते. शनिवारी शाळा सकाळची, ती साडेअकराला सुटते. खेड्यावरच्या मुली घरी जाऊन जेवून येतात. सोमाची पहिली पाळी तीनला सुटते व बिरवाडीची गाडी त्यास साडेतीनला महाडात सोडते. पश्चिमेच्या रिंगमागे ऊन असते, ते चारच्या सुमारास चिंचेआड जाते. त्याआधी नेम धरणाऱ्या मुलीस रिंगऐवजी सूर्यनारायणाचे दर्शन होते. मैदानावर दिवा नाही. पोलादपूरच्या मुलींची परतीची एस.टी. पावणेसहाला आहे, आणि ती एकदा चुकली की आईबाप पुढच्या वेळी मुलगी पाठवीत नाहीत. यास्तव सामना चारलाच होऊ शकतो. सायंकाळी ठेवायचा तर एस.टी., कारखाना आणि सूर्य या तिघांची परवानगी काढावी लागेल, व ती कोणी काढल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

दि. ४ रोजीचा सामना आमच्या मैदानावर पोलादपूरच्या मुलींशी होता. तो चार वाजून चार मिनिटांनी सुरू झाला. चार मिनिटे गेली ती चेंडूत हवा भरण्यात. पंप सोमाने मारला.

मध्यंतर चार अठ्ठावीस ते चार अडतीस. त्या वेळी मुली टेबलाजवळच्या माठातले पाणी प्यायल्या. सोमा मैदानामागच्या नळावर गेला व तेथे प्यायला. तो नेहमी तेथेच जातो. माठ माझ्या उजव्या हाताशी होता. याविषयी मला काही विचारण्यात आलेले नाही.

चार वाजून सेहेचाळीस मिनिटांनी सोमाने शिट्टी वाजवून आमची कप्तान मंजुळा हिला पाचवा फाऊल दिला. पाच फाऊल झालेल्या मुलीस मैदान सोडावे लागते. ती म्हणाली, "दादा, हात लागलाच नाय!" सोमा म्हणाला, "लागला. तो हात मीच शिकवलाय गो तुला, मला नाय कळणार? भायेर बस." प्रेक्षकांतून आवाज आले, "सोम्या, महाडचा हायस का पोलादपूरचा रे?" "अरे, शिट्टी गिळ ती!" यापुढचे काही शब्द खेळाविषयी नव्हते. ते लिहून देण्याची माझी तयारी आहे. "जरुरी नाय, गुरुजी" असे हवालदारांनी म्हटल्यावरून देत नाही.

मंजुळा बसली व आमचा संघ एका गुणाने हरला. सामना पाच वाजून सहा मिनिटांनी संपला. फिर्यादीतील दगड ज्या मिनिटाला सुटला म्हणतात, त्या मिनिटाला सुमारे दीडशे महाडकर सोमास समोर उभा करून शिव्या देत होते. त्यांपैकी कोणासही विचारावे. आपण शिवी दिली तेव्हा तो इसम समोर होता की सात किलोमीटरवरच्या फाटकाशी, हे कोणी विसरत नाही. गुण व वेळा लिहिलेली वही हजर केली आहे.

आता बातमीविषयी. मी 'सायाह्नी झालेल्या सामन्यात' असे लिहिले होते. दिवसाचे शास्त्रोक्त भाग पाच: प्रातः, संगव, मध्याह्न, अपराह्ण व सायाह्न. पैकी सायाह्न हा शेवटला, म्हणजे सध्याच्या लहान दिवसांत सुमारे पावणेचारपासून सूर्यास्तापर्यंत. चार वाजता सायाह्न असतो, सायंकाळ नसते. येथे हवालदार म्हणाले, "गुरुजी, कोर्टात वाचायचंय हे, वर्गात नाय." ते बरोबर आहे.

आज सकाळी आठ वाजता मी छापखान्यात जाऊन तेथील खिळे जुळविणारा भिकाजी यास, सायाह्नाची सायंकाळ कोणी केली, असे विचारले. तो म्हणाला, "मी केली. ह्न-चे खिळे दोनच होते, गुरुजी. एक मोडला. दुसरा तुमच्याच वरच्या ओळीतल्या मध्याह्न भोजनात अडकलेला. मग सायंकाळ टाकली. एकच ना ते?" मी म्हटले, एक नव्हे, व त्यापायी एक माणूस कोठडीत आहे. त्याने हातातले खिळे खाली ठेवले. म्हणाला, "मग चार वाजता असं का नाय लिवलंत? चारचे खिळे रग्गड हायत."

मनगटावर घड्याळ बांधून मी वहीत ४.०४ असे आकड्यांत लिहिले, आणि बातमीत सायाह्न लिहिले. चूक भिकाजीची धरू नये, छापखान्याचीही नाही. 'गांधारीकाठ'च्या संपादकांना तसे पत्र दिले असून त्याची नक्कल जोडली आहे. खुलासा पुढील अंकात येईल, पण तो अंक बुधवारी निघतो व कोर्ट आज आहे.

सोमा मला कसा माणूस वाटतो असे विचारल्यावरून सांगतो की, जो स्वतः शिकविलेल्या मुलीस हरत्या सामन्यात बाहेर बसवितो, तो दगड मारून नाही म्हणणार नाही. मारला असता तर वेळेसकट सांगितले असते. त्याने गेल्या महिन्यात कारखान्यात एक अर्ज दिला होता, कॅन्टीनमधल्या पेल्यांविषयी: सर्वांचे एक व काही जणांचे वेगळे, असे का. शुद्धलेखन तपासण्यास तो अर्ज माझ्याकडे आणला होता. तपासण्यासारखे त्यात काही नव्हते. पावणेपाचला कारखान्याची दिवसपाळी सुटते, तेव्हा फाटकाशी माणसे पुष्कळ असतात. त्यांतून फिर्यादीत सोमाचेच नाव कसे आले, हे मला माहीत नाही. अर्जाची तारीख १५ नोव्हेंबर, एवढे माहीत आहे.

परवा शनिवार. परतीचा सामना पोलादपुरास आहे, चार वाजता. मी संघाबरोबर जाणार आहे. सोमाची शिट्टी अंगझडतीत ठाण्यात जमा आहे ती त्याच्या हाती द्यावी. दुसऱ्या कोणाच्या हाती देऊन उपयोग नाही. माठ पोलादपूरकर ठेवतील. पेला एकच असावा म्हणून तो मी घरून नेणार आहे.

हा जबाब हवालदार शेडगे यांनी मला मोठ्याने वाचून दाखविला. दिवसाच्या पाच भागांशी ते दोनदा अडखळले. मी उच्चार सुधारला नाही. जेथे ते अडखळले तेथे कोर्टही अडखळेल, म्हणून त्या ओळींवर रेघ मारावयास मीच सांगितले, व समासात 'दुपारी चार' असे माझ्या हाताने लिहून पुढे आद्याक्षरे केली. एवढीच दुरुस्ती. बाकीचे मी सांगितले तसेच उतरले आहे व ते खरे आहे.

त्र्यं. य. मोघे

समक्ष: हैबती शेडगे, पोलीस हवालदार