रॉक बँडच्या मैदानात शिरलेली वरात

या किश्श्याचे दोन पाठ आपल्या मंडळींत प्रचलित आहेत. उचगावच्या पाठात घोडा थेट मंचावर चढतो. वारणानगरच्या पाठात नवरदेव स्वतः गिटार वाजवतो. मी त्या दिवशी पहिल्या रांगेत होतो, त्यामुळे माझा पाठ थोडा साधा आहे.

दिलीप कोल्हापुरातल्या एका रॉक बँडचा सॅक्सोफोनवादक. त्याचे वडील लग्नाच्या बँडमध्ये तेच वाद्य वाजवत आणि त्यांची लकब त्याच्या फुंकरीत उतरली होती. बँडप्रमुख गिटारवादकाला ती खुपे. मंचावर जाताना त्याने बजावले, "दिल्या, आज वरातीचा सूर लागला की तू बँडमधनं भायेर."

"सूर माझ्या बाचा हाय, त्येला कुठं टाकू?" दिलीप म्हणाला.

कार्यक्रम रंगात येत असतानाच बाहेरच्या रस्त्यावर खरीच वरात आली. तिच्या बाजापुढे गिटार ऐकू येईना. श्रोते उठून फाटकाकडे निघाले. दिलीपने एकदा प्रमुखाकडे पाहिले आणि बाहेरच्या बाजाची पुढची ओळ स्वतःच वाजवली. बाजा थबकला. मग त्यानेही उत्तर दिले. असा सवालजवाब रंगला की वरात घोड्यासकट आत आली आणि अख्खे मैदान नाचू लागले.

अखेर मांडवातून वरात शोधत आलेला नवरीचा मामा मंचापाशी येऊन ओरडला, "ओ पावणं, मुहूर्त टळतोय न्हवं! नवरा सोडा, न्हायतर तुमीबी चला की मांडवात!"

दिलीप वाजवतच खाली उतरला. वरात मांडवात पोहोचली तेव्हा घोड्यापुढे तो होता. घोड्यामागे बँडप्रमुख होता, आणि रस्त्यावर गिटारीला वीज नसल्यामुळे त्याच्या हातात झांजा होत्या.