कोल्हापूरला हलवायचा निर्णय

माणसाचा श्वास वरच्याच्या हातात असतो. बेळगावच्या आयसीयूत मात्र तो व्हेंटिलेटरच्या नळीतून येतो. भेटीला एकालाच सोडतात, म्हणून बेळगुंदीच्या आप्पांजवळ दोन मुलगे आणि बहीण एवढेच होते.

"अण्णा, मशीन परत बोंबलाय लागलं."

"मशीनच खराब हाय, साईराज. आप्पाला कोल्हापूरला हलवूया."

"मशीन चांगलं आहे," सिस्टर म्हणाल्या. "हवा आत जायला अडतेय, म्हणून दाब वाढल्याचं सांगतंय. आधी कफ बघते, मग नळी."

"सिस्टर, तुमी बघत बसा. साईराज, अॅम्ब्युलन्स सांग."

"सांगितली. पर वाटंत आप्पाला काय झालं तर?"

"काय हुतंय? कोगनोळीच्या टोलनाक्यावर आपली वळख हाय."

"कफ नाही. आक्का, जरा उठता का?"

"का गं बाई? सख्खा भाऊ हाय माझा. उभ्या उभ्या भेटून गेली म्हणून गावात नावं ठेवतील."

"दोन मिनिटं उठा."

"उठते. पर भावाच्या उशाला बसूबी न्हाय म्हंजे लईच झालं."

आक्का उठल्या. सिस्टरनी त्यांच्याखाली दबलेली नळी सरळ केली आणि मशीन गप्प झालं.