आत्याबाईंच्या मागच्या सीटवर

तुम्ही हसाल, पण लग्नानंतर महिनाभरातच मी फिल्ममध्ये आले. माझ्या नवऱ्याची आत्या लहानपणापासून पायांनी अधू. तिला हातानं चालवायची तीनचाकी सायकल मिळाली, आणि त्यावर फिल्म करायला एका संस्थेची माणसं हिंगणीत आली. नेमका त्याच सकाळी सेलूला माझा बी.ए.चा शेवटचा पेपर. बस चुकली की वर्ष गेलं.

दिग्दर्शक म्हणाले, "नव्या सूनबाईंनी मागून सायकल ढकलायची. मदतीची भावना दिसेल."

मी नवी, नाही कसं म्हणणार? ढकलत राहिले. ते "पुन्हा एकदा" म्हणत राहिले. मी चोरून घड्याळ बघत होते, ते फक्त आत्याबाईंना दिसलं.

"काऊन वं, पेपर आहे न तुहा? चढ मांगच्या सीटवर."

"अहो मावशी, हे उलटं दिसेल!" दिग्दर्शक ओरडले.

"दिसू दे. पोरीची बस सुटून राह्यली."

मी मागे चढून बसले. मग त्यांचे हात असे फिरले, की मागे पळणारा कॅमेरावाला धापा टाकायला लागला. बस निघालीच होती. आत्याबाईंनी सायकल सरळ तिच्यापुढे आडवी घातली. "कंडक्टरभाऊ, आमची सून आहे, घे वर!"

पेपर मिळाला. फिल्ममध्येही शेवटी मी मागे बसलेली तेवढीच धाव ठेवली. ती पाहून हिंगणघाटहून माझ्या आईचा घाबराघुबरा फोन आला, "तुह्या पायाले काय झालं वं?"

फोन आत्याबाईंनीच घेतला. "पाय चांगले आहेत तिचे, विहीणबाई. फक्त हळू आहेत."