न चाखलेलं वरण

मव्हं माहेर झरीचं, सासर बोरीचं, अन् दोन्हीकडं मह्या हातात पळीच. माय मव्ही मारुतीच्या भंडाऱ्याला कढई सांभाळायची, तिच्यामागं मी शिकले, बोरीत आले तर इथंबी सप्ता असो, लगीन असो, सुमनबाईला बोलवा. काय सांगू तुमाला, गावजेवणाचं वरण म्हणजे मव्हंच. पण शेवटी काय, नारळ द्यायचा, ओटी भरायची, जा घरला. हक्काचं काम न्हाई ते.

मग मुलींच्या सरकारी वसतिगृहात स्वयंपाकिणीची एक जागा निघाली. दहावी पास अन् रांधायचा अनुभव, एवढंच जाहिरातीत. मी दहावी हाय बरं का, हसू नका. अर्ज केला. शेजारच्या गंगाबाईची सून सविता, बीए झालेली, तिनंबी केला. तिला चाचणीला बोलावणं आलं, मला न्हाई. हापिसात गेले तर साहेब म्हणले, बाई, अर्ज लय आले, सगळ्यायला कुठं रांधायला लावता, आमी फक्त ग्रॅज्युएट बोलवायलोत. आमचे मालक जिंतूर लाईनीला जीप हाकतेत, ते म्हणले, शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये. मी म्हणलं, मी कुठं शहाणी हाय?

मह्यासारख्या आणखी दोघी भेटल्या, वकील केला, हायकोर्टात गेलो. वकीलसाहेबानं समजून सांगितलं, गर्दी झाली तर चाळण लावायचा त्यायला हक्क हाय, पण जाहिरातीत नसलेली अट अर्ज आल्यावर मधीच घालता येत न्हाई. तवर भरती थांबली अन् सविताचंबी अडकलं. गंगाबाईनं विरजण मागायचं सोडलं. आमच्याकडं विरजण बंद म्हणजे बोलणं बंद. सविता तेवढी म्हणली, काकू, तुमचं चुकलं न्हाई, पण मव्हंबी नोकरीचं वय चाललंय. लय लागलं बगा ते मनाला.

कोर्टानं आमचं ऐकलं, जाहिरातीत बसतेत त्या सगळ्यायला बोलवा म्हणलं. सविता अन् मी मालकाच्याच जीपमधी गेलो. चाचणीला दहा माणसांचं वरण, भाजी, भाकरी. आता बगा, जल्मभर निवदाचं रांधलेलं, निवद दाखवायच्या आधी जिभेला लावायचं न्हाई, हे मायनं हातावर मारून शिकवलेलं. अन् हाताला सवय कढईची. दहा माणसांच्या पातेल्यात मूठभर मीठ कधी गेलं, मलाच कळलं न्हाई. शेजारच्या शेगडीवर सविता घडीघडी तळहातावर घेऊन चाखायली होती. साहेबानं मव्हा घास घेतला अन् पाणीच मागितलं. चाखलं न्हाई का बाई? म्हणलं, निवदाच्या आधी कसं चाखू साहेब? सगळे हसले.

जागा सविताला लागली. अन् मव्हं आता वय बसत न्हाई, पुन्हा अर्ज न्हाई. येताना जीपमधी रडले, खोटं कशाला बोलू. मालक म्हणले, एवढं कोर्ट केलंस अन् वरण खारट केलंस? म्हणलं, केलं तर मीच केलं ना, आधी तर मला चुलीपाशीबी येऊ देईनात.

गंगाबाई आता विरजणाला यायलीय पुन्हा. सविता सुट्टीला आली की म्हणती, काकू, एवढ्या पोरींच्या वरणाला मीठ किती? देव तिच्या हाताला यश देवो, गुणाची हाय पोरगी. मी आपली मूठ भरून दाखवती, अन् म्हणती, पण चाखून बघ माय.