विसरलेलं पद

आमच्या आचरा गावातल्या संगीत नाटकाचं तुम्हांला सांगितलं नाही ना? बॉम्ब बनवणाऱ्या शास्त्रज्ञांचं नाटक होतं. चाचणी यशस्वी झाल्यावर सगळे नाचतात आणि मुख्य शास्त्रज्ञ झालेला मी एकटा पश्चात्तापाचं पद म्हणतो. पहिली ओळ म्हटली आणि पुढचं सगळं विसरलो. पेटीवाला एकच सूर धरून बसला. तेवढ्यात पुढे बसलेली मासे विकणारी मेरीकाकी कळवळून ओरडली, "गप कित्याक रे पुता? केलंस ता केलंस, आता लोकांका सांग तरी!"

गाणं सोडून मी बोललो, "बॉम्ब मीच केलंय. माका माफ करू नकात." मांडवात कोणी हललं नाही.

नाटक संपल्यावर मी तिचे हात धरले. "काकी, आज तू माका वाचवलंस. मी पद इसारलंय."

काकी डोळे पुसत म्हणाली, "इसारलंस? माका वाटला, तुका रडू इला."