माझा हात नाय उठला

गावाचा नाव लिवू नका ताई, तळोज्याच्या कंपन्यांच्या मागं हाय येवढाच लिवा. माझा बाप मिठागरात, सासरा पन मिठागरात, आता मिठागरा गेली नि टावर आले. काय सांगू तुमाला, आमच्या गावात नानाचा राज व्हता. नाना म्हंजे गावकीचा मोठा पंच. कोनाची हळद कवा, कोनी कोनाच्या दारात जायचा, सगळा नाना ठरवनार, बाकीच्यांनी माना हलवायच्या.

आमचा म्हातारा, माझा घरवाला, तवा तरना व्हता, नानाच्या मानसासमोर ग्रामपंचायतीला उभा राह्यला. पडला. पडला तो पडला, वर नानानी आमाला वाळीत टाकला. कोनी बोलायचा नाय, दुकानात साखर मिळायची नाय. म्हातारा गेला तवा खांदा द्यायला कॉलनीत भाड्यानी रानारी पोरा आली, परमुलखातली, त्यांना आमची रीत पन ठाव नाय, पन आली बिचारी. देव त्यांचा भला करो. चहा घ्या ना, निवतोय.

मंग गावातल्या शिकलेल्या पोरांनी पोलिसात नानाची तक्रार केली, नानाचा जोर सरला. देवळात सभा झाली, बाया पन बोलावल्या, बोलले आता एकट्याचा चालनार नाय, हात वर करून ठरवायचा. मला पुढं बसवला, पानी दिला. किती वर्सांनी गावाच्या हातचा पानी पिले, रडू आला मला. नि पयला ठराव काय आनला? नानाला वाळीत टाकायचा. सगळ्यांचे हात वर. माझा नाय उठला. शेजारची सून बोलली, आगो आजी, तुझ्यासाठीच तं करतोव, कर ना वर. मी बोलले, वाळीत काय असता ते मला ठाव हाय, वैऱ्याला पन नको. ठराव तं झालाच. त्या दिसापासून माझ्या ओट्यावर कोनी बसाया येत नाय. माझ्यावर ठराव नाय केला, खोटा कशाला बोलू, पन येत नाय.

परवा भाकऱ्या नि कोलंबीचा कालवन घेऊन नानाकडं गेले. त्याची पन बायको गेली, एकटाच असता. बोलले, चल, दोघा तं बोलू. त्यानी कडी काढली, मला बघितला नि दार लावला. आतून बोलला, जा गो, गावाचा ठराव हाय, मोडायचा नसता.

कालवन घेऊन परत आले, एकटीच जेवले. देव सगळ्यांना बोलाया कोनतरी देवो. तुमी मातर येत जा.